टेपेवर लेबल लावलंय का? (खेळाच्या जुन्या फुटेजच्या धंद्यातली तीस वर्षं)

रीळमास्तर

मागच्या महिन्यात निवृत्त झालो. शाल मिळाली, नारळ मिळाला, आणि साहेब भाषणात म्हणाले, "हे आमचे लायब्ररीवाले." सासुरवाडीत अजूनही बऱ्याच जणांना मी पुस्तकांच्या लायब्ररीत होतो असंच वाटतं. एका लग्नात एका मावशींनी नातीसाठी एमपीएससीची पुस्तकं मागितली होती. तर एकदाचा खुलासा करतो. मी टेपा सांभाळायचो. खेळाच्या. आणि कोणी मागितलं की त्यातला नेमका तुकडा काढून द्यायचो.

१९९३ साली बीकॉमचा निकाल हातात घेऊन डोंबिवलीहून अंधेरीला जायला लागलो. वेळ बरोबर साधली गेली, त्यात माझी अक्कल काही नाही. तोवर क्रिकेट म्हणजे दूरदर्शन दाखवेल ते. त्याच मोसमात इंग्लंडच्या दौऱ्यापासून क्रिकेट मंडळ प्रक्षेपणाचे हक्क विकायला लागलं. मग हीरो कप स्पर्धेच्या प्रक्षेपणावरून भांडण थेट सुप्रीम कोर्टात गेलं आणि फेब्रुवारी १९९५ मध्ये निकाल आला की हवेतल्या लहरी ही जनतेची मालमत्ता आहे, त्यावर कोणा एकाची मक्तेदारी नाही. वकील मंडळी हा निकाल अभिव्यक्तिस्वातंत्र्यासाठी शिकवतात. आमच्या गल्लीत त्याचा अर्थ इतकाच की जिकडेतिकडे प्रॉडक्शन कंपन्या उघडल्या, आणि प्रत्येकीला टेपा उचलणारा एक पोऱ्या लागला. तो पोऱ्या मी.

कसोटी पाच दिवस, दिवसाला सहा तास, म्हणजे तीस तास. बीटाकॅम एसपीची, म्हणजे तेव्हा टीव्हीवाले वापरत त्या टेपेची, मोठी कॅसेट नव्वद मिनिटांची. एका कसोटीच्या एका संचाला वीस कॅसेटी झाल्या. हा झाला डर्टी फीड, म्हणजे स्कोअरची पट्टी वगैरे असलेला. क्लीन फीड, म्हणजे पट्टी नसलेला, वेगळा. एखाददोन कॅमेऱ्यांचे आयसो, म्हणजे त्या एकेका कॅमेऱ्याचं सलग चित्रण, वेगळे. आणि दिवस संपला की रिप्लेवाले आपापले चांगले शॉट एकत्र उतरवून देत, त्याला मेल्ट म्हणतात, तो वेगळा. खरा माल मेल्टमध्ये असतो. नवीन लोक डर्टी फीड उपसत बसतात.

माझी पहिली लॉगशीट अजून आठवते. वेळ लिहायची आणि समोर घडलं ते. मी दिवसभर इमानेइतबारे लिहिलं: चौकार. चौकार. पायचीतचं अपील. चौकार. आमचे वरिष्ठ, गिरगावातले, तोंडात कायम सुपारी, त्यांनी कागद पाहिला आणि म्हणाले, "अरे, चौकार स्कोअरबुकातही आहे. माणसं आपल्याकडे चेहरा शोधायला येतात. तो बाद झाल्यावर काय केलं ते लिही."

हे मला कळायला दोन वर्षं गेली. पण खरंच, तीस वर्षांत "अमक्याचा कव्हर ड्राइव्ह द्या" असं सांगणारे कमी आले. फोन येतात ते असे: "हताश कर्णधार हवाय, खांदे पाडलेला." "पावसात कव्हर ओढणारी पोरं." "ट्रान्झिस्टर कानाला लावलेला म्हातारा, रंगीत चालेल, पण जुना वाटला पाहिजे." मैदानात कुत्रा घुसल्याचे शॉट तर मी इतके विकलेत की त्या कुत्र्यांना मानधन द्यायला हवं होतं. ज्यानं लॉगमध्ये "कुत्रा, ११:४२, लाँग ऑनकडून" असं लिहिलं त्याचा शॉट विकला गेला. ज्यानं "खेळ थांबला" लिहिलं त्याचा कुत्रा अजून टेपेत भुंकतोय.

एक वाईट बाजूही सांगून टाकतो. जुना खेळाडू गेला की वीस मिनिटांत फोन वाजतो. त्यामुळे ज्यांची सत्तरी उलटलीय त्यांच्या क्लिपा आधीच काढून ठेवलेल्या असतात. सकाळी पेपरात कोणाला इस्पितळात हलवल्याची बातमी दिसली की माझा हात आपोआप चपलेकडे जायचा. बायको म्हणायची, "यमाचे कारकून निघाले."

काय विचारायचं ते विचारा. वेळ भरपूर आहे आता.

---

गल्लीक्रिकेटर

जबरी धागा! पहिला प्रश्न अर्थातच, कपिलचे १७५. बीबीसीच्या संपामुळे रेकॉर्डिंग नाही म्हणतात. कुठेतरी कोणाकडे तरी असेलच ना?

---

रीळमास्तर

वाटच बघत होतो.

१८ जून १९८३ ला विश्वचषकाचे चार सामने एकाच दिवशी होते. लॉर्ड्सला ऑस्ट्रेलिया–वेस्ट इंडीज, ओल्ड ट्रॅफर्डला इंग्लंड–पाकिस्तान. भारत–झिम्बाब्वे हा त्यातला सगळ्यात बिनमहत्त्वाचा, आणि टनब्रिज वेल्स हे केंट परगण्यातलं छोटंसं मैदान. संपाची गोष्ट लोकांना आवडते, कारण त्यात कोणावर तरी राग काढता येतो. पण चार सामने आणि मोजके कॅमेरे असताना कोणता सामना वगळायचा हे त्या सकाळी कोणीही तसंच ठरवलं असतं. ५ बाद १७ नंतर तर आणखीच. तिथे कॅमेरा नव्हता एवढं खरं. फोटो आहेत, स्कोअरकार्ड आहे, बघणारे आहेत.

तरी दरवर्षी जून उजाडला की फोन: "सर, कपिलचे १७५ पाठवा ना, एचडीत." सुरुवातीला समजावून सांगायचो. मग समोरचा म्हणतो, "ठीक आहे, मग कपिलचा दुसरा कुठलाही सिक्सर द्या, पांढऱ्या कपड्यातला. कोणाला कळतंय?" मी कधी दिला नाही. दिला असता तर दहा वर्षांनी तोच तुकडा दुसऱ्या कोणीतरी "टनब्रिज वेल्स" म्हणून माझ्याकडेच विकायला आणला असता. ही अतिशयोक्ती नाही, दुसऱ्या एका सामन्याच्या बाबतीत अगदी असंच झालंय.

---

पर्वतीपायथा

आमच्या भाऊसाहेब निंबाळकरांचे ४४३ विसरू नका. डिसेंबर १९४८, पुणे, काठियावाडविरुद्ध. ब्रॅडमनच्या ४५२ ला दहा धावा हव्या होत्या ओलांडायला, आणि समोरच्या संघानं जेवणाच्या सुट्टीत सामनाच सोडून दिला. असं जगात कुठे घडलं असतं तर त्यावर तीन माहितीपट झाले असते.

---

रीळमास्तर

माहितीपट करायला कोणीतरी आलंही होतं. मी विचारलं, पडद्यावर काय दाखवणार? उत्तर: "ड्रोननं पुणे."

शारदाश्रमच्या ६६४ च्या भागीदारीचं तेच. फेब्रुवारी १९८८, आझाद मैदान, सचिन नाबाद ३२६, कांबळी नाबाद ३४९. शाळेची मॅच बघायला कॅमेरा कोण नेणार? आज पोराच्या अंडर-१२ च्या मॅचला तीन आयांच्या हातात तीन मोबाइल असतात. पुढच्या सचिनचं पहिलीतलं बोबडं बॅटिंगही उपलब्ध असणार आहे. ते शोधायचं कसं, हा प्रश्न आहे, कारण त्या फायलीचं नाव व्हीआयडी-अमुकतमुक असेल.

---

न्यूजर्सीकर

इकडच्या दोन गोष्टी सांगतो, रीळमास्तरांना माहीत असतीलच.

१९६० च्या बेसबॉल वर्ल्ड सिरीजचा सातवा सामना, पिट्सबर्ग विरुद्ध यांकीज. मॅझरॉस्कीनं शेवटच्या डावात होमरन मारून जिंकला तो. त्याचं पूर्ण चित्रण नाहीच असं समजत होते. बिंग क्रॉसबी हा गायक पिट्सबर्ग संघाचा एक भागीदार होता. टेन्शन सहन होईना म्हणून तो पॅरिसला निघून गेला आणि जाताना सामना पडद्यावरून फिल्मवर उतरवून ठेवायची सोय करून गेला. ती रिळं कॅलिफोर्नियातल्या त्याच्या घरी वाइनच्या तळघरात ४९ वर्षं पडून होती, २००९ मध्ये सापडली. तळघर थंड आणि कोरडं, म्हणून फिल्म ठणठणीत.

दुसरं, पहिला सुपर बोल, जानेवारी १९६७. दोन वाहिन्यांनी दाखवला आणि दोघींनीही टेपा पुसून परत वापरल्या. पेनसिल्व्हेनियातल्या एका माणसानं ऑफिसात रेकॉर्ड केलेली प्रत २००५ मध्ये उजेडात आली, तीही अर्धवट.

---

रीळमास्तर

माहीत आहेत, पण वाइनच्या तळघरावर मी कायम जळतो. आमची गोदामं साकीनाक्याला.

टेप पुसण्याबद्दल मात्र लोक फार तावातावानं बोलतात. टेप महाग होती हो. दोन इंची रीळ म्हणजे हत्ती, ठेवायला जागा लागते, आणि टेपेची खुबीच ही की परत वापरता येते. माझ्या समोर माझ्या वरिष्ठांनी रणजीच्या टेपा डीगॉसरवर ठेवल्यात, म्हणजे चुंबकाखाली कोऱ्या केल्यात, कारण शारजाला न्यायला स्टॉक नव्हता. मी स्वतः खोकं उचलून दिलं. कोणता सामना होता ते सांगत नाही, तुमच्यातले दोघेतिघे झोपणार नाहीत.

आणि एक उलटी गंमत. जितकं जुनं तितकं खराब असं नसतं. ३५ मिमी फिल्मवर चित्रित केलेलं १९३६ चं बर्लिन ऑलिंपिक आज फोरकेमध्ये स्कॅन होतं, घामाचे थेंब दिसतात. आणि १९८७ चा रिलायन्स कप? तो टेपेवर. आपल्या पद्धतीच्या टीव्हीत चित्राच्या रेघाच ५७६, काही केलं तरी वाढत नाहीत. नागपूरला चेतन शर्माची हॅटट्रिक झाली, गावसकरांनी ताप अंगात असताना एकमेव वनडे शतक ठोकलं, आणि ते बघायचं म्हणजे काचेला वाफ धरल्यासारखं. हल्ली एआयनं "सुधारून" देतात. एकदा एका फलंदाजाला दुसऱ्याच कोणाचं तरी नाक आलं होतं. क्लायंट खूश. मी नव्हतो.

---

सदाशिव_थेट

धागा छान, पण परखड बोलू का? सगळं तूनळीवर (यूट्यूबवर) आहे. हौशी लोकांनी आपल्या व्हीएचएसवरून चढवलंय म्हणून आज पोरांना जुने सामने दिसतात. तुमच्या कंपन्या कुलूप लावून बसतात आणि वर हौशी लोकांचे व्हिडिओ उडवतात. सांभाळणारे नक्की कोण?

---

कलम_बावन्न

मी हेच काम बघते (वकील आहे, कोणाची ते विचारू नका). प्रताधिकार कायद्यात प्रसारणाचा हक्क २५ वर्षांचा, प्रसारणाच्या पुढच्या वर्षाच्या सुरुवातीपासून मोजायचा. त्यावर लोक म्हणतात, १९९८ चा सामना आता मोकळा झाला! पण सामन्याचं चित्रण हे कायद्याच्या व्याख्येत "चित्रपट" धरलं जातं, आणि त्याला ६० वर्षं आहेत. तेव्हा सचिनचं शारजाचं वादळ इतक्यात फुकट होत नाही. वृत्तांकन, समीक्षा यांना सवलत आहे, ती कलम ५२ मध्ये. पण तीन तास जसाच्या तसा चढवायचा आणि खाली "फक्त शैक्षणिक हेतूने" असं लिहायचं, याला कायदा हसतो.

---

रीळमास्तर

@सदाशिव_थेट, तुमचं निम्मं बरोबर आहे आणि तेच मला झोंबलं. आमच्याकडे नसलेलं कितीतरी मी हौशी मंडळींकडूनच मिळवलंय. त्यांच्याकडे एक गोष्ट असते जी आमच्याकडे मुद्दाम कापलेली असायची: जाहिराती, निवेदिका, "तांत्रिक बिघाडाबद्दल क्षमस्व" ची पाटी. तोही इतिहासच.

पण एक फरक बघा. आमच्या मास्टरवर, म्हणजे मूळ टेपेवर, एका ट्रॅकवर समालोचन असतं आणि दुसऱ्यावर फक्त मैदानाचा आवाज. म्हणून उद्या तोच सामना मराठी समालोचनासह दाखवता येतो. तुमच्या व्हीएचएसवर सगळं एकत्र कालवलेलं. ज्यांनी मूळ ठेवलं नाही आणि नक्कलही ठेवू दिली नाही अशा मालकांची बाजू मी घेत नाही. एका कंपनीनं (नाव नको) हक्क संपल्यावर सगळ्या टेपा नियमानुसार मालकाकडे परत पाठवल्या. ट्रक गेला. मालकाच्या ऑफिसात उतरवून घ्यायला जागाच नव्हती. पावत्या माझ्याकडे आहेत, टेपा कुठे आहेत ते ट्रकवाल्याला माहीत.

---

निशिगंधा_२२

काका, मी मास मीडियाच्या शेवटच्या वर्षाला आहे. मला याच कामात यायचंय. पण कॉलेजात कोणालाच माहीत नाही की यासाठी काय शिकायचं. आणि आता तर टेपा नाहीतच, मग काम उरलंय का?

---

रीळमास्तर

बाळ, काम उलट वाढलंय. फक्त त्याला आता धूळ लागत नाही.

आधी गैरसमज काढतो. टेप गेली म्हणून सगळे खूश झाले होते. २०११ चा विश्वचषक आपल्याकडे चालू असताना मार्चमध्ये जपानला त्सुनामी आली, सोनीचा सेंदाईजवळचा टेपांचा कारखाना पाण्यात गेला आणि एचडीकॅम-एसआर कॅसेट बाजारातून गायब झाल्या. बरेच जण तेव्हाच फायलींकडे वळले. पण फायली ठेवतात कशावर? एलटीओवर. म्हणजे परत टेपच! आणि ती दर काही वर्षांनी पुढच्या पिढीवर उतरवावी लागते. आठव्या पिढीचा ड्राइव्ह फक्त सातवी आणि आठवी वाचतो, पाचवीवर ठेवलेलं त्यात घातलं तर ढुंकूनही बघत नाही. बीटाकॅम निदान डोळ्यांना दिसायची, अडगळ झाली म्हणून कोणीतरी ओरडायचं. फाइल न ओरडता जाते.

शिकायचं म्हणशील तर मुंबईतलं फिल्म हेरिटेज फाउंडेशन २०१५ पासून जतनाच्या कार्यशाळा घेतं, जगभरातले लोक शिकवायला येतात. तिथे जा. पुण्याला फिल्म अर्काइव्ह आहे, निदान एकदा आतून बघून ये. पण खेळाच्या टीव्हीत शिरायचा दरवाजा म्हणजे लॉगर. सामना चालू असताना बसून प्रत्येक चेंडूला खुणा टाकायच्या. पैसे दिवसाच्या हिशोबानं, घरी सांगण्यासारखे नाहीत. दोन मोसम कर. खेळ कळत असेल तर तू दिसशील, कारण बाकीचे सॉफ्टवेअर शिकून आलेले असतात आणि त्यांना स्वीप आणि पॅडल स्वीप यातला फरक माहीत नसतो.

तिथून दोन वाटा. एक संग्रहाच्या बाजूची, म्हणजे सांभाळणं. दुसरी मागणाऱ्याच्या बाजूची, माहितीपटवाल्यांसाठी फुटेज शोधून, हक्क मिटवून देणारी. दुसरीत पैसे बरे. तिथे डोकं हिशोबी हवं: किती सेकंद, कोणते देश, किती वर्षं, टीव्ही की ओटीटी की सगळंच. दिग्दर्शक आधी चित्रपट जोडून टाकतो आणि मग विचारतो "हे चाळीस सेकंद कितीला?" तेव्हा तुला वाईट बातमी गोड आवाजात सांगता आली पाहिजे.

---

निशिगंधा_२२

धन्यवाद काका! साकीनाक्याचं गोदाम म्हणालात. २६ जुलैला काय झालं?

---

रीळमास्तर

बरोबर जागी बोट ठेवलंस.

२६ जुलै २००५. सांताक्रूझला चोवीस तासांत ९४४ मिलिमीटर. तळमजल्यावरचं गोदाम, मिठी नदी हाकेच्या अंतरावर. मी २८ ला सकाळी पोचलो. भिंतीवर छातीइतक्या उंचीवर चिखलाची रेघ. शटर उघडलं तर आधी टेपांचे रिकामे डबे तरंगत बाहेर आले, बदकांसारखे. खालचे तीन खण गेले. वास अजून नाकात आहे.

आणि मग आम्ही शहाण्यासारखं काम करतोय असं समजून मूर्खपणा केला. सगळ्या टेपा गच्चीवर नेल्या आणि ऊन पडलं तसं चादरी अंथरून वाळत घातल्या. पापड घालतात तशा. उलटवून-पालटवून. संध्याकाळपर्यंत चिखल वाळला आणि टेपेचे थर एकमेकांना चिकटले. नंतर कळलं की भिजलेली टेप वाळू द्यायचीच नसते. स्वच्छ पाण्यात ओली ठेवायची, मग डिस्टिल्ड पाण्यानं धुवायची आणि गार, कोरड्या हवेत हळूहळू सुकवायची. ऊन नाही, हीटर नाही, हेअर ड्रायर तर नाहीच. पाण्यानं जितक्या मारल्या त्याहून जास्त आमच्या चादरींनी मारल्या.

पण त्याहून मोठा घोळ पुढे. ज्या वाचल्या त्यांच्यावरची लेबलं धुऊन गेली होती. स्केचपेननं लिहिलेली ना! रजिस्टरही तळाच्याच खणात. शेकडो काळ्या कॅसेटी, चित्र उत्तम, आणि कशात काय आहे कोणालाच पत्ता नाही. स्टुडिओत बनलेल्या कार्यक्रमाला सुरुवातीला रंगपट्ट्या आणि घड्याळाची पाटी असते, त्यावर नाव असतं. थेट सामन्याच्या टेपेला ते कुठलं? एक टेप संपत आली की दुसरी सुरू, मधल्या षटकापासून. वर क्लीन फीड असेल तर पडद्यावर एक अक्षर नाही.

पुढचे आठ महिने मी आणि एक पोरगा तेच करत होतो. ओळखायचं. मला वाटतं माझ्या नोकरीतलं सगळ्यात चांगलं काम तेच. सीमारेषेवरच्या फलकांवरून मालिका कळते. स्टँडची सावली कुठवर आलीय यावरून सत्र कळतं. सचिनच्या बॅटवर स्टिकरच नाही? मग १९९६ च्या विश्वचषकाच्या आसपास बघ, तेव्हा तो कोऱ्या बॅटनं खेळत होता. एक षटक गोलंदाजाच्या मागून आणि पुढचं षटक यष्टिरक्षकाच्या मागून दिसतंय? म्हणजे कॅमेरा एकाच टोकाला, जुन्या दिवसांतलं. धावबाद झाल्यावर पंचानं हातानं चौकोन काढला? मग नोव्हेंबर १९९२ च्या नंतरचं, कारण डर्बनला टीव्हीवर बघून तिसऱ्या पंचानं बाद दिलेला पहिला फलंदाज सचिनच. एक टेप तीन आठवडे अडली होती. शेवटी प्रेक्षकांतल्या एका माणसाच्या हातातल्या वर्तमानपत्राचा मथळा वाचता आला, तारीख आणि वारासकट.

त्यानंतर लेबल मी तीन ठिकाणी लावायला लागलो: कॅसेटीवर, डब्यावर, आणि टेपेच्या पहिल्या तीस सेकंदांत, कॅमेऱ्यासमोर कागद धरून. पोरं हसायची.

---

गल्लीक्रिकेटर

वर्तमानपत्राच्या मथळ्याला साष्टांग _/\_ जाता जाता, टेपा लोकलमधून नेताना मोटरच्या चुंबकानं पुसतात म्हणतात, खरं का?

---

रीळमास्तर

आम्हाला सक्त ताकीद होती, मोटरच्या डब्यात बॅग घेऊन चढायचं नाही. तीस वर्षांत तशी एकही पुसलेली पाहिली नाही. चहा सांडून गेलेल्या मात्र चार.

---

लाल_माती

नमस्कार मास्तर. कऱ्हाडजवळचा आहे, खाशाबांच्या गोळेश्वरपासून लांब नाही. माझे वडील पैलवान. खासबागेत लढलेत. त्यांच्या एका कुस्तीची व्हीएचएस कॅसेट घरी आहे, लग्नाच्या व्हिडिओवाल्यानं काढलेली. ट्रंकेत होती. काल काढली तर आत टेपेच्या कडेला पांढरं कापसासारखं काहीतरी. व्हीसीआर शेजाऱ्यांकडे आहे, लावून बघू का?

---

रीळमास्तर

थांबा! लावू नका. ती बुरशी आहे. लावलीत तर शेजाऱ्यांच्या व्हीसीआरच्या हेडला लागेल, तिथून पुढच्या प्रत्येक कॅसेटीला लागेल, आणि ओढताना टेप तुटायची भीती वेगळी.

आता असं करा. नाकाला फडकं बांधून हाताळा. कॅसेट डब्यासकट हवाबंद डब्यात सिलिका जेलच्या पुड्यांबरोबर उभी ठेवा, आडवी नको. कॅसेटीच्या कण्यावर डाव्या बाजूला एक छोटा प्लास्टिकचा दात असतो, तो शाबूत असेल तर मोडून टाका, म्हणजे चुकून कोणी वर रेकॉर्ड करणार नाही. मग असा माणूस शोधा ज्याच्याकडे बुरशीच्या टेपांसाठी वेगळं मशीन आहे आणि जो आधी सफाई करतो. "पेनड्राइव्हवर टाकून देतो, शंभर रुपये" वाल्याकडे नको. उतरवताना टाइम बेस करेक्टर लावलाय का विचारा, नाहीतर चित्र वरून वाकतं. आणि फाइल मोठी मागा, व्हॉट्सॲपवरून यायची ती नव्हे.

एक सांगतो. २०१४ ला प्रो कबड्डी सुरू झाली आणि सगळ्यांना अचानक लालबाग-परळच्या जुन्या कबड्डीची चित्रं हवी झाली. मोठ्या संग्रहांत जवळपास काही नव्हतं. जे मिळालं ते लग्नाच्या व्हिडिओवाल्यांच्या माळ्यावर. अर्ध्या तासाची कबड्डी आणि लगेच पुढे कोणाचं तरी केळवण. तुमच्या हातात आहे तसली दुसरी प्रत बहुधा जगात नाही.

---

पर्वतीपायथा

लाल_माती, काय होतंय ते इथे कळवा हो. जीव टांगणीला लागलाय.

---

लाल_माती

(तीन आठवड्यांनी) कळवतो. कोल्हापुरात एक गृहस्थ भेटले, त्यांनी कॅसेट उघडून, टेप दुसऱ्या खोक्यात घालून, दोन दिवस पुसत बसून उतरवून दिली. एकूण एक तास बारा मिनिटं. पहिली पन्नास मिनिटं आत्याच्या दिराचं लग्न. मग मुंग्या. आणि मग कुस्ती, बावीस मिनिटं! मधे दोनदा चित्र फाटतं. वडील सत्त्याहत्तरचे आहेत, खुर्ची ओढून टीव्हीच्या पुढ्यात बसले आणि पटाला गेल्यावर खुर्चीतच त्यांचा खांदा हलला. आई म्हणाली, "हे तर दादासारखे दिसतायत," दादा म्हणजे माझा मुलगा.

पण साल कोणतं यावर भांडण लागलंय. वडील म्हणतात ८९, काका म्हणतात ९१, आणि व्हिडिओवाला हयात नाही. आवाजात हलगी आहे, निवेदक बोलतोय, पण कर्ण्याचा घुमारा इतका की नाव सोडून काही कळत नाही. मागे भिंतीवर कसलीतरी जाहिरात रंगवलेली आहे, बँकेची की कारखान्याची, अर्धी दिसते.

---

रीळमास्तर

लाल_माती, त्या भिंतीचा फोटो टाका. झूम केलेला नको, पूर्ण चौकट हवी, कोपऱ्यांसकट. आणि हलगीवाल्याच्या मागे जी माणसं उभी आहेत त्यांच्यात कोणाच्या खांद्याला रेडिओ आहे का तेवढं बघा. आणि हो, फायलीला नाव काय दिलंय?

---

लाल_माती

टाकतो संध्याकाळी, आता उसाची तोड चालू आहे. नाव अजून "न्यू व्हिडिओ १" आहे. बदलतो, बदलतो.